हरिओमच्या नावावरची चित्रं

११ जानेवारी २०२५, शनिवार. नवीन जालना

सकाळी साडेसातला अंगदचा फोन आला. अंगद आपल्या वडीगोद्रीचा, जपानात हरिओमच्याच कारखान्यात कामाला आहे. "ताई, घाबरू नका," म्हणाला आणि मग एका दमात सांगितलं. माझा भाऊ हरिओम सकाळच्या पाळीला सायकलवर निघाला होता. रस्त्यावरचं पाणी गोठून काच झालेली. सायकल घसरली आणि डोकं नालीच्या सिमेंटच्या कडेवर आपटलं. कुणाची गाडी नाही, कुणाचा धक्का नाही. दवाखान्यात आहे. शुद्ध नाही.

सोमेश्वर म्हणाले, आजपासून सगळं लिहून ठेव. डॉक्टर काय म्हणाले, कोणत्या तारखेला, कोणतं औषध. माझ्या नवऱ्याचं हे एक बरं आहे, अशा वेळी त्यांचं डोकं चालतं. म्हणून शाळेची ही कोरी टाचणवही घेतली.

आई-वडिलांना फोनवर सांगायची हिंमत झाली नाही. दुपारच्या बसनं पिंपळगावला गेले. दादा हरभऱ्याला पाणी देत होते. ऐकल्यावर त्यांनी आधी मोटर बंद केली, पाय धुतले, मग विचारलं, "बोलतो का?"

"अजून नाही," मी म्हणाले.

आई म्हणाली, "अजून न्हाई म्हंजे बोलल."

हरिओमचा जपानचा फॉर्म मी भरून दिला होता. पण जायचं त्याचं त्यानंच ठरवलं होतं. ते इथं लिहून ठेवते.

१७ जानेवारी, शुक्रवार. पिंपळगाव रेणुकाई

व्हिसा झाला. त्याच्या कारखान्याच्या पत्रामुळं लवकर झाला. मागच्या वर्षी हरिओमनंच आमच्या मागं लागून पासपोर्ट काढायला लावले होते, एप्रिलात चेरीची फुलं बघायला या म्हणून. माझा आला, दादांचा आला. आईचा अडकला. आधारवर नंदाबाई, बँकेत नंदा. ते दुरुस्त करायचं आज-उद्या करत राहून गेलं.

त्यामुळं दादा आणि मी जाणार. आई सकाळपासून पिशवी भरतेय आणि रिकामी करतेय. शेंगदाण्याची चटणी, सुंठ, त्याची कानटोपी. दादांना सांगत होती, "उठून बसला का पयले पेज द्या घोट घोट. एकदम भाकर देऊ नका." दादा म्हणाले, "बराबर." दोन-चार वेळा नुसतं "बराबर" म्हणाले.

आज त्यांचा चेहरा पाहून वाटलं, यांना नीट कळलेलं नाही. दादा सातवी शिकलेले. ब्रेन, व्हेंटिलेटर हे शब्द मी दोनदा समजावून सांगितले.

२० जानेवारी, सोमवार. ताकायामा

पोचलो. मुंबईहून बँकॉक, तिथून नागोया, मग बस. डोंगर, बर्फ, पुन्हा डोंगर. दादा खिडकीतून बघत होते. मध्येच म्हणाले, "हितं पेरत्यात कवा?"

अंगद बसस्टँडवर आला होता. दादांच्या पाया पडला आणि तसाच वाकून राहिला.

हरिओमला पाहिलं. चेहरा सुजलाय, पण तोच आहे. दाढी वाढली होती, नर्सनं करून दिली म्हणे. छाती वर-खाली होत होती. मी कानाजवळ जाऊन बोलले. माझी खात्री आहे, पापणी हलली. नर्सला दाखवलं, ती मान लववून हसली.

दादांनी त्याचा तळपाय हातात घेतला. बराच वेळ घेऊन उभे होते. बाहेर आल्यावर म्हणाले, "गरम हाय." मग म्हणाले, "पण वडून घेत न्हाई." मी विचारलं, म्हणजे काय? ते बाकाकडं चालायला लागले.

भेटायला दुपारी पंधरा मिनिटं आणि संध्याकाळी पंधरा मिनिटं. बाकी सगळा दिवस बाकावर.

२२ जानेवारी, बुधवार

डॉक्टर आज भेटले. तरुण आहेत, फार हळू बोलतात. अंगदनं सांगितलं तसं लिहिते: मेंदूला मोठी सूज होती, ऑपरेशन केलं. स्वतःचा श्वास नाही. उजेडाला डोळा दाद देत नाही. पुढचं "अवघड आहे" म्हणाले. मी अंगदला पुन्हा विचारायला लावलं, अशक्य म्हणाले का? अंगद म्हणाला, "न्हाई ताई, अवघड म्हणले." मग डॉक्टर खाली बघत पुन्हा तोच शब्द बोलले.

अवघड म्हणजे अशक्य नव्हे. माझ्या वर्गात अवघड गणितं सुटतातच.

दादांनी एकही प्रश्न विचारला नाही. डॉक्टरांकडं बघत होते, एवढंच. उठताना त्यांनी हात जोडले, तसे डॉक्टर कमरेतून वाकले आणि किती तरी वेळ वर आलेच नाहीत.

२४ जानेवारी, शुक्रवार

दवाखान्याच्या तळमजल्यावर एक हॉल आहे. तिथं रोज शाईची चित्रं शिकवतात. ज्यांचा हात लकव्यानं गेलाय त्यांच्या हाताला व्यायाम म्हणून. नातेवाइकांनीही बसावं, असं फळ्यावर लिहिलंय, अंगदनं वाचून सांगितलं. हॉल गरम असतो, म्हणून आम्ही आत जाऊन बसलो.

शिकवणाऱ्या बाई ऐंशीच्या घरात आहेत, मोरिता नाव. आमच्यापुढं त्यांनी काळा दगड ठेवला, आपली सहाणच म्हणायची, एका बाजूला खोलगट. त्यावर चार थेंब पाणी आणि शाईची वडी. वडी गोल गोल उगाळायची. मी जोरात उगाळायला लागले तर त्यांनी माझं मनगट धरून हळू केलं. दादांकडं बघून मात्र त्या थबकल्या. दादा रेणुकामातेच्या देवळात चंदन उगाळतात तसे उगाळत होते, हाताचं वजनसुद्धा न टाकता. काजळासारखा, देवघरासारखा वास सुटला.

मग बांबू. खालून वर जायचं. कुंचला टेकवायचा, दाबायचा, ओढायचा, थांबायचा, उचलायचा. ते एक कांडं. जरा जागा सोडून दुसरं. माझं पहिलंच कांडं वाकडं आलं. मी त्यावरून पुन्हा कुंचला फिरवायला गेले, तर बाईंनी नाही नाही म्हणत हात आडवा घातला. गिरवायचं नाही. पातळ कागद, शाई लगेच पसरते, गिरवलं की नुसता डाग होतो. माझे तीन कागद वाया गेले. मला वैताग आला.

दादांनी बांबू काढलाच नाही. त्यांनी ज्वारीचं धाट काढलं. कांडी बांबूसारखीच, पण वर जाताना पान असं मोडून खाली आलेलं, जसं आपल्या शाळूचं जानेवारीत येतं. मोरिताबाई बराच वेळ बघत होत्या. त्यांनी अंगदला विचारलं, हे आधी कधी शिकलेत का? अंगदनं सांगितल्यावर दादा म्हणाले, "औताचा तास धरलाय की चाळीस साल. रेघ सरळ ठेवायची सवय हाय."

संध्याकाळी पंधरा मिनिटं हरिओमजवळ. पापणी हलली नाही.

२७ जानेवारी, सोमवार

दादा पुन्हा त्या हॉलमध्ये गेले. मी बाकावर बसून होते. मला ते पटत नाही. वर मुलगा पडलाय आणि हे खाली चित्रं काढतात. बोलले तर म्हणाले, "पंधरा मिन्टं सोडली तर वर घेतंय कोण?" ते खरं आहे, पण तरी.

सोमेश्वर हवाई रुग्णवाहिकेची चौकशी करत आहेत. हैदराबादला मेंदूचे चांगले डॉक्टर आहेत म्हणे. एकदा आपल्या माणसांत आला, आईचा आवाज ऐकला, की फरक पडेल.

आईशी रोज दुपारी दादाच व्हिडिओ कॉलवर बोलतात, जिन्यापाशी उभे राहून. मी जवळ गेले की म्हणतात, तू वर जा, नर्स बोलवील. नंतर आईचा मला वेगळा फोन आला. आवाज एकदम मोकळा. म्हणाली, "हात चालाय लागला म्हणं." दादांनी तिला धीर द्यायला काही तरी सांगितलं असेल. मी म्हणाले, "हो, नर्स व्यायाम करून घेते." ते खोटं नाही, नर्स त्याची बोटं हलवतेच.

२९ जानेवारी, बुधवार

आज हॉलच्या काचेतून पाहिलं. दादा कुंचला डाव्या हातात धरून काढत होते. रेघ थरथरत होती, मध्येच फुटत होती, लहान पोरानं काढल्यासारखी. मोरिताबाईंनी कुंचला त्यांच्या उजव्या हातात दिला. दादांनी पुन्हा डाव्यात घेतला. बाईंना काही कळेना. मलाही कळेना. दादांचं काही बिघडलं तर मी एकटी काय करू?

निघताना त्यांनी ते वाकडं चित्र घडी न घालता, पुठ्ठ्यात नीट ठेवून आणलं. कालची चांगली धाटं मात्र हॉलमध्येच सोडली.

अंगदला विचारलं, दादा तुझ्याशी काही बोलतात का? तो म्हणाला, "ताई, काकाला सगळं समजतंय." मी म्हणाले, मला नाही वाटत.

३१ जानेवारी, शुक्रवार

ताप आला होता हरिओमला. उतरला. ताप येणं म्हणजे शरीर झगडतंय, असं मी कुठं तरी वाचलंय.

अंगदनं हरिओमचं कपाट आवरलं. त्यात त्याची जपानीची वही सापडली. पहिल्या पानावर माझ्या अक्षरात लिहिलेलं आहे: रोज दहा शब्द. तो कंटाळायचा तेव्हा मीच म्हणायचे, अरे, इथं राहून काय करणार आहेस? सगळ्या बहिणी असंच म्हणतात. जायचं त्यानंच ठरवलं होतं.

३ फेब्रुवारी, सोमवार

आज सगळं कळलं.

दादा तोंड धुवायला गेले होते, त्यांचा फोन बाकावर वाजला. आईचा व्हिडिओ कॉल. मी घेतला. आई हसत होती. पाठीमागं शेजारच्या वंदनाकाकू. म्हणाली, "शीतल, कालच्यापरीस आजची रेघ किती सरळ आली गं. तू पाह्यली का? वंदना म्हणती, आठ दिसांत नाव लिहील बघ."

मी विचारलं, "कोणती रेघ?"

"अगं हरिओमनं काढलेली. ह्यांनी धाडलाय की फोटू."

दादा समोर येऊन उभे होते. तोंडावरचं पाणी पुसलेलं नव्हतं. माझ्याकडं बघत होते आणि काहीच खुणावत नव्हते.

मी म्हणाले, "हो आई. पाहिली."

नंतर आम्ही गरम चहाच्या बाटल्या देणारं यंत्र आहे त्या कोपऱ्यात बसलो. दादा म्हणाले, "पयल्या दिशी एक बिघडलेला कागद हातातच राह्यला होता. ती फोनवर म्हणली, हे काय? माझ्या तोंडातून निघून गेलं, हरिओमनं काढलं. अकरा तारखेपासून ती नुसती च्यावर होती, शीतल. त्या दिशी जेवली."

"मग डाव्या हातानं कशाला?"

"उजव्यानं काढलेलं खरं वाटलं नसतं. बिमार माणसाचा हात तसा थोडाच चालतो." मग म्हणाले, "पण आता डावाबी सुधरून राह्यला. मला वाकडी काढताच येईना."

"किती दिवस असं करणार?"

"जवर हाय तवर."

मला राग यायला हवा होता. आला नाही. वाटलं, तो आठ दिवसांत उठला तर हे सगळं खरंच होऊन जाईल, मग कोणाला कळायचंय. संध्याकाळी मीच दादांना म्हणाले, उद्याच्यात खाली सही केल्यासारखं "ह" काढा, आईला बरं वाटेल. दादांनी माझ्याकडं पाहिलं आणि मान हलवली. होकार होता की नकार, ते समजलं नाही.

४ फेब्रुवारी, मंगळवार

"ह" पाठवला. आईनं देवळात नारळ फोडला.

५ फेब्रुवारी, बुधवार

डॉक्टर पुन्हा भेटले. या वेळी "फार अवघड" म्हणाले. हृदय औषधावर चाललंय. विमानात नेता येणार नाही. मी सोमेश्वरांनी पाठवलेले हैदराबादचे कागद पुढं केले. त्यांनी ते दोन्ही हातांनी घेतले, वाचले, दोन्ही हातांनी परत दिले.

बाहेर दादा म्हणाले, "शीतल, तो न्हाई त्यात."

मी म्हणाले, "असं बोलू नका."

"पयल्याच दिशी पाय धरला तवाच समजलं. जित्या लेकराचा पाय हातात घेतला का ते जरा तरी वडून घेतं."

मी उठून निघून आले. पुढचं लिहीत नाही.

७ फेब्रुवारी, शुक्रवार

मी दुपारी कपडे धुवायला अंगदच्या खोलीवर गेले होते. तेवढ्यात दादांनी सही केली. हृदय थांबलं तर छाती दाबायची नाही, शॉक द्यायचा नाही, असा कागद. अंगद दुभाषी होता. मी परत आले तेव्हा डॉक्टर निघून गेले होते आणि कागदावर खाली मराठीत "रखमाजी" लिहिलेलं होतं, दादा ग्रामपंचायतीत करतात तशी सही.

मी खूप बोलले. तिथं कुणाला मराठी कळत नाही म्हणून बोलले. म्हणाले, तुम्हाला दोन आठवडे चित्रं काढायला वेळ होता, मला विचारायला पाच मिनिटं नव्हती?

दादा म्हणाले, "तुला इचारलं असतं तर तुला जल्मभर वागवावं लागलं असतं."

काय वागवावं लागलं असतं? त्यांनी सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही. आज त्यांनी आईला चित्र पाठवलं नाही. आईचे सात कॉल आले.

९ फेब्रुवारी, रविवार

सकाळी नऊ वाजून दहा मिनिटांनी हरिओम गेला. आम्ही दोघं जवळ होतो. अंगद पण.

पिंपळगावला सोमेश्वर गेले आहेत सांगायला.

११ फेब्रुवारी, मंगळवार

इथंच अग्नी दिला. नेण्याचं जमण्यासारखं नव्हतं, सगळ्यांनी तेच सांगितलं. आईनं फोनवर एकच विचारलं, "मी तोंड पाहू का न्हाई?" मी फोन त्याच्या चेहऱ्यासमोर धरला. नेटवर्क अडकत होतं. तिला किती दिसलं, देव जाणे.

इथं अस्थी चिमट्यासारख्या लांब काड्यांनी उचलतात, दोघांनी मिळून एक. दादांना काड्या धरता येईनात. अंगदनं मागून त्यांचा हात धरला.

मोरिताबाई आल्या होत्या, काळ्या कपड्यात. त्यांना इतके दिवस वाटत होतं, दादा डाव्या हाताला लकवा आहे म्हणून येतात. अंगदनं आज सांगितलं. त्यांनी दादांना एक कुंचला आणि उरलेली शाईची वडी कागदात बांधून दिली.

दादा म्हणाले, ते डाव्या हाताचे कागद हॉलमध्ये परत ठेवून दे. मी बॅगेत घातले. आई मागेल, तेव्हा काय सांगू?

१६ फेब्रुवारी, रविवार. पिंपळगाव रेणुकाई

दुपारी पोचलो. ओट्यापासून रस्त्यापर्यंत माणसं. आईनं अस्थींचं मडकं मांडीवर घेतलं. रडली नाही. म्हणाली, "येवढाच?"

मग माझ्याकडं बघून, "कागद कुठंत?"

मी दिले. दादांनी तोंड फिरवलं.

१८ फेब्रुवारी, मंगळवार

शहागडला गोदावरीत अस्थी सोडल्या. दशक्रिया झाली. अंगदचे आई-वडील वडीगोद्रीहून आले होते. त्याची आई माझ्या आईचा हात सोडतच नव्हती. मला वाटतं, तिला आपल्या पोरासाठी भीती वाटत होती.

२१ फेब्रुवारी, शुक्रवार

तेरावा झाला. सगळे गेल्यावर आईनं कागद मधल्या खोलीत जमिनीवर मांडले, तारखेनं. वंदनाकाकूंनी फोनमधल्या तारखा वाचून दिल्या. पहिला थरथरता, मग जरा बरा, मग आणखी सरळ, शेवटी "ह". आई त्यांच्या कडेनं चालत होती.

"कालच्यापरीस आज बरी, आजच्यापरीस उद्या बरी. मंग मेला कसा? बरं होऊन राह्यलं होतं माझं लेकरू. शीतल, तू होती तिथं. काय केलं त्याला तिथं?"

"काही नाही केलं आई. डॉक्टरांनी खूप प्रयत्न केले."

"मंग कसा मेला?"

ती माझ्या दंडाला धरून हलवत होती. म्हणाली, "तूच धाडलं त्याला. फॉरम तू भरला. रोज शब्द पाठ करून घेतले तू. तूच सांग." वंदनाकाकू बघत होत्या. मी म्हणाले, "दादांनी सही केली. हृदय थांबलं तर काही करायचं नाही, अशी. मला न विचारता."

दादा दारात उभे होते.

आईनं माझा दंड सोडला.

मी खोटं काही बोलले नाही. सही त्यांनीच केली होती आणि मला विचारलं नव्हतं. हे मी तेव्हाही या वहीत लिहिलेलं आहे.

२३ फेब्रुवारी, रविवार. नवीन जालना

परत आले. उद्यापासून शाळा. सोमेश्वर म्हणाले, तू आईला चित्रांचं खरं सांगून टाकायला पाहिजे होतं. मी म्हणाले, तेराव्याला? ते म्हणाले, सहीचं तर सांगितलंस. त्यानंतर आम्ही जेवलो.

२ मार्च, रविवार. पिंपळगाव

आई दादांशी बोलत नाही. ताट वाढते आणि उठून जाते. गावात झालंय, की पोरगा बरा होत होता, बापानं सही करून मारला. परवा पारावर दादा जाऊन बसले तर दोन माणसं उठून गेली म्हणे.

दादांना मी म्हणाले, आज सांगू या. मी बोलते. ते म्हणाले, "तू नको. माझं मी दाखवतो."

संध्याकाळ व्हायच्या आधी त्यांनी आईसमोर पोतं अंथरलं. मोरिताबाईंची वडी आपल्या चंदनाच्या सहाणेवर उगाळली. कॅलेंडरचं मागचं पान घेतलं. आई जोंधळे निवडत होती, तिनं मान वर केली नाही. दादांनी डाव्या हातात कुंचला घेतला आणि धाट काढलं. खालून वर, एक कांडं, दुसरं कांडं, तिसरं. जाड कागदावर शाई नीट धरेना, तरी तेच धाट. कुणालाही कळलं असतं. खाली "ह" काढला.

आईनं पाहिलं. सूप बाजूला ठेवलं. भिंतीकडंचा एक कागद आणून शेजारी ठेवला. दोन्हीकडं बघत राहिली.

"म्हंजे तुम्ही काढले."

"व्हय."

"सगळे?"

"सगळे."

"तो एकदाबी उठला न्हाई?"

दादांनी कुंचला खाली ठेवला.

"मंग मी नारळ कशाचा फोडला? वंदनाला, सगळ्या गावाला मी काय दाखवत हिंडले?" तिचा आवाज इतका बारीक झाला की मला भीती वाटली. ती भिंतीला टेकून खाली बसली. ओठ पांढरे पडले. मी पाणी आणायला धावले. परत आले तर ती डोकं हलवत होती, नाही नाही असं. म्हणाली, "न्हाई. हे त्याचेच हायेत. तुम्ही त्याचं पाहून शिकले. तुम्हाला कुठं येत होतं हे? जल्मात कवा कागद धरला न्हाई तुम्ही. माझं लेकरू नेलं, आता त्याच्या हातचं एवढं राह्यलंय, तेबी काढून घेता का माझ्यापासून?"

मी तोंड उघडलं. दादांनी माझ्याकडं पाहिलं.

मग ते तिला म्हणाले, "व्हय. त्याचंच पाहून शिकलो."

आईनं दोन्ही कागदांतला तिचा उचलला, पदरानं पुसला आणि आत नेला. दादांचं कॅलेंडरचं पान तिथंच पडलं होतं. वाऱ्यानं उडायला लागलं तेव्हा मी उचललं.

३ मार्च, सोमवार

बसस्टँडवर सोडायला दादा आले. मी म्हणाले, असं कसं म्हणालात? आता तर सगळं तुमच्यावर आलं. बरा होणारा मुलगा तुम्ही मारला, असं झालं.

म्हणाले, "मला काय फरक पडतो. त्याला तर न्हाईच ना पडत."

"पण हे खरं नाही."

"खऱ्यानं तिचे व्हट पांढरे पडले, पाह्यलं न्हाई का तू?"

बस आली. मी बसमध्ये ठरवलं, पुढच्या रविवारी आईला शांतपणे सगळं सांगायचं. माझ्या "ह" चंही.

१६ मार्च, रविवार. नवीन जालना

मागच्या रविवारी गेलेच नाही, पेपर तपासायचे होते. आजही नाही.

दादा मळ्यातल्या पत्र्याच्या शेडमध्ये राहायला गेलेत. आई म्हणाली, हरभरा काढायचाय म्हणून. हरभरा कधीच काढून झालाय.

३० मार्च, रविवार

पाडवा. आमच्या घरी यंदा गुढी नाही. दादांचा फोन लागला नाही. अंगदनं जपानहून फोटो पाठवला, त्यांच्या वसतिगृहासमोर चेरीला कळ्या आल्यात. मी तो पुसून टाकला.

१३ एप्रिल, रविवार. पिंपळगाव

आईनं चित्रं भोकरदनहून फ्रेम करून आणलीत, काचेची, सोनेरी पट्टीची. हरिओमच्या फोटोच्या दोन्ही बाजूंना ओळीनं लावलीत. आज अंगदची आई आली होती, सोबत वडीगोद्रीच्या दोन बाया. त्यांच्याकडची आणखी दोन मुलं जपानला निघालीत म्हणून विचारायला आल्या होत्या. आई त्यांना एकेका फ्रेमपुढं उभं करून दाखवत होती. "हे पयलं. हात उचलत नव्हता तवाचं. हे चार दिसांनंतर. आता हे बघा, रेघ. आणि हे त्याचं नाव लिहाय लागला होता, तेवढ्यात ह्यांनी सही केली."

बाया चुकचुकल्या. आईचा आवाज थरथरत नव्हता. ती आता नीट जेवते, अंगावर जरा मांस धरलंय. केस विंचरलेले होते.

मी चहाचा ट्रे घेऊन उभी होते. अंगदची आई माझ्याकडं वळली. तिला तिच्या पोरानं काय सांगितलंय, ते मला माहीत नाही. तिनं हळूच विचारलं, "तू तर तिथंच होती ना, माय. खरंच काढत होता का गं?"

आई पाठमोरी होती. फ्रेमची काच पुसत होती. तिचा हात थांबला.

मी म्हणाले, "हो."

हात पुन्हा चालू झाला.

दुपारी दादांचा डबा घेऊन मळ्यात गेले. ते बांधावर बसले होते, दाढी वाढलेली. डबा उघडून त्यांनी आधी भाकरी हातात घेऊन पाहिली. आईच्या हातची आहे की माझ्या, ते बघत असावेत. माझ्या हातची होती.

"काय म्हणती ती?" त्यांनी विचारलं.

"जेवली."

"मंग बरंय," दादा म्हणाले आणि जेवायला लागले.